आकाशातील शिडाचे तारू

आकाशमार्गे प्रवास करण्याची मनीषा मानवजातीइतकीच पुरातन असावी. रामायणात पुष्पक विमान आहे, जुन्या करारात एलिया संदेष्ट्याला स्वर्गात नेणारा अग्निरथ आहे, तुकोबांच्या वैकुंठगमनाच्या कथेतही विमान आहे. या सर्व वाहनांची एक खूण अशी की ती देवाघरून येतात. ती कशाची घडवली, कशाच्या बळावर चालतात, त्यांचे वजन किती, हे प्रश्न तेथे कोणी विचारीत नाही आणि विचारण्याचे प्रयोजनही नसते.

सतराव्या शतकात मात्र एका धर्मगुरूने हे प्रश्न विचारले. त्याने कागद-लेखणी घेऊन हवेचे वजन मांडले, तांब्याच्या पत्र्याचे वजन मांडले, आणि त्या हिशेबावरून आकाशात चालणाऱ्या, डोलकाठी व शीड असलेल्या तारवाचा आराखडा १६७० साली छापून प्रसिद्ध केला. पुढे एकोणचाळीस वर्षांनी दुसऱ्या एका तरुण धर्मगुरूने पोर्तुगालच्या राजाकडे अशाच आकाशनौकेसाठी अर्ज केला. त्या अर्जाचा संबंध आपल्या गोव्याशी आणि वसईशी कसा येतो, ते पुढे येईलच.

ही दोन्ही तारवे कधीच उडाली नाहीत. शिडाच्या बळावर आकाशात हवे तिकडे जाणे ज्या रीतीने त्यांनी कल्पिले होते, त्या रीतीने कधी शक्यही नव्हते. असे असताना आमच्या धर्मग्रामांतील कुटुंबांनी, त्यातही शिकत्या मुलामुलींनी, हा इतिहास जाणून घ्यावा असे आम्हांस वाटते. या दोघा धर्मगुरूंचे गणित जेथे चुकले तेथून विज्ञानाचा एक सुंदर धडा मिळतो, आणि जेथे त्यांनी गणिताच्या पलीकडे पाहिले तेथे ते आपल्या काळाच्या फार पुढे होते.

वाऱ्याच्या मर्जीवर

शिडाच्या जहाजांचे जग कसे होते, हे प्रथम ध्यानात घेतले पाहिजे. ‘ख्रिस्तपुराणा’चे कर्ते फादर थॉमस स्टीफन्स यांचे नाव मराठी ख्रिस्ती घरांत परिचयाचे आहे. हे इंग्रज येशूसंघीय ४ एप्रिल १५७९ रोजी लिस्बनहून जहाजात बसले आणि २४ ऑक्टोबर रोजी गोव्यास उतरले. सहा महिने आणि वीस दिवस त्यांनी समुद्रावर काढले. त्याच नोव्हेंबरात आपल्या वडिलांना लिहिलेल्या पत्रात त्यांनी या प्रवासाचे वर्णन केले आहे. आफ्रिकेतील गिनीच्या किनाऱ्याजवळ वारा पडला की जहाज जागच्या जागी कसे खोळंबते आणि उष्म्याने माणसे कशी हैराण होतात, हे त्यांनी स्वतः अनुभवले होते.

पुढील दोन शतकांतही या व्यवहारात फारसा फरक पडला नाही. लिस्बनची जहाजे मार्च-एप्रिलमध्ये निघत आणि मोसमी वारे धरून सप्टेंबर-ऑक्टोबरपर्यंत गोव्यास पोचत. परतीच्या वाऱ्यांसाठी त्यांना डिसेंबर-जानेवारीपर्यंत थांबावे लागे. गोव्याहून अथवा वसईहून राजाला एखादा प्रश्न विचारला, तर त्याचे उत्तर हाती येईपर्यंत दीड-पावणेदोन वर्षे सहज उलटत. तोवर ज्याने प्रश्न विचारला तो कित्येकदा मरणही पावलेला असे. घरची वार्ता, वरिष्ठांची आज्ञा, लढाईची खबर, सारे वाऱ्याच्या मर्जीवर अवलंबून होते.

अशा जगात राहणाऱ्या बुद्धिमान माणसाला आकाशनौकेची कल्पना सुचावी आणि त्या नौकेला त्याने शीडच लावावे, यात नवल नाही. इंजिन त्याला ठाऊक नव्हते. मोठे ओझे दूर नेणारी, मनुष्याने घडविलेली, सर्वांत समर्थ वस्तू म्हणजे शिडाचे जहाज. तेच उचलून आकाशात ठेवले की झाले, असे त्याला वाटले.

फादर लाना यांचे चार गोळे

फ्रान्चेस्को लाना दे तेर्झी यांचा जन्म १६३१ साली उत्तर इटलीतील ब्रेशा नगरीत झाला. ते येशूसंघात दाखल झाले आणि रोममध्ये अथानासियुस किर्चर या नामांकित येशूसंघीय विद्वानाच्या सहवासात त्यांना प्रयोगांची गोडी लागली. १६७० साली त्यांनी ‘प्रोद्रोमो’ नावाचा ग्रंथ ब्रेशा येथे प्रसिद्ध केला. अंध व्यक्तींना लिहिता यावे यासाठी काही युक्त्याही या ग्रंथात आहेत. ब्रेल लिपीच्या कितीतरी आधीची ही गोष्ट आहे. पण ग्रंथ गाजला तो त्यातील उडत्या नौकेमुळे.

त्या काळी हवा हा विषय नव्याने उलगडत होता. तोरिचेल्ली यांनी १६४३ साली पाऱ्याच्या नळीने हवेचा दाब दाखवून दिला होता. त्यानंतर जर्मनीत ओटो फोन गेरिके यांनी भांड्यातील हवा उपसून काढणारा पंप तयार केला. त्यांनी धातूचे दोन अर्धगोल एकमेकांस जुळवून आतली हवा काढून घेतली, तेव्हा दोन्ही बाजूंनी घोडे जुंपूनही ते अर्धगोल विलग होईनात. हवेला वजन आहे आणि ती भांड्यातून काढता येते, या दोन गोष्टी फादर लाना यांनी एकत्र आणल्या. लाकूड पाण्यावर का तरंगते? ते जेवढे पाणी बाजूला सारते त्या पाण्याहून हलके असते म्हणून. तर मग आतली हवा काढलेला पातळ पत्र्याचा मोठा गोळा, आपण बाजूला सारलेल्या हवेहून हलका भरला तर, हवेवर तरंगेल. गोळा जितका मोठा तितका लाभ अधिक, कारण पत्रा वर्गाच्या प्रमाणात वाढतो आणि पोकळी घनाच्या प्रमाणात वाढते. हा युक्तिवाद आजही निर्दोष आहे. वायूने भरलेला प्रत्येक फुगा याच तत्त्वावर चढतो.

त्यांच्या चित्रात चार गोळे आहेत, प्रत्येकाचा व्यास आजच्या मापाने सुमारे साडेसात मीटर. खाली होडी लटकते, होडीत डोलकाठी आहे, तिला शीड आहे आणि जोडीला वल्ही आहेत. वर चढायचे असेल तर वजन टाकून द्यावे, उतरायचे असेल तर गोळ्यात थोडी हवा शिरू द्यावी, असेही त्यांनी सुचविले होते. पुढे शंभर-सव्वाशे वर्षांनी फुग्यांतून प्रवास करणाऱ्यांनी वाळूच्या पिशव्या आणि झडप वापरून नेमके हेच केले.

मग नौका उडाली का नाही? हिशेब करून पाहू. साडेसात मीटर व्यासाच्या गोळ्यात सुमारे दोनशे वीस घनमीटर हवा मावते आणि तिचे वजन अडीचशे किलोंच्या थोडे वर भरते. गोळा तरंगायचा तर सबंध पत्रा याहून हलका हवा. म्हणजे त्याची जाडी एक मिलिमीटरच्या पाचव्या हिश्श्याहूनही कमी हवी. आता बाहेरून दाबणारी हवा पाहा. दर चौरस मीटरला सुमारे दहा टन या प्रमाणे सगळ्या पृष्ठभागावर मिळून अठराशे टनांच्या आसपास भार येतो. आत प्रतिकाराला काहीही नाही. असा गोळा हवा काढता काढताच चेपून जाईल. घोड्यांनाही न जुमानणारा जो दाब गेरिके यांनी जगाला दाखवला होता, त्याच दाबापुढे फादर लाना यांचे गोळे टिकणारे नव्हते. ज्या प्रयोगाने त्यांना आशा दिली, त्याच प्रयोगात तिचे उत्तरही दडलेले होते.

हा प्रयोग त्यांनी स्वतः केलाच नाही. त्याचे कारण त्यांनी ग्रंथात सांगितले आहे, आणि आम्हां धर्मगुरूंना ते वाचताना गंमत वाटते व थोडे गहिवरूनही येते. प्रयोगास शंभर दुकाट, म्हणजे त्या काळच्या सोन्याच्या मोहरा, लागल्या असत्या, आणि दारिद्र्याचे व्रत घेतलेल्या संन्याशाजवळ त्या नव्हत्या. १६८७ साली ब्रेशा येथेच त्यांचे देहावसान झाले.

शोधाआधीची भीती

फादर लाना यांच्या ग्रंथातील सर्वांत विलक्षण भाग याच्या पुढचा आहे. नौका बनण्यातील एकेका अडचणीला उत्तर देऊन झाल्यावर ते थांबतात आणि एक अडचण तशीच ठेवतात. ती यंत्राची नव्हे, माणसाची आहे. असे यंत्र यशस्वी होऊ देणे परमेश्वराला मान्य होणार नाही, असे ते म्हणतात, कारण त्याने राज्याराज्यांची घडी विसकटून जाईल. अशी नौका कोणत्याही शहरावर केव्हाही येऊन ठाकेल, भर चौकात माणसे उतरवील, समुद्रावरील जहाजांची दोरखंडे तोडील, वरून आगीचे गोळे टाकून घरे व किल्ले जाळील. तट, खंदक, बुरूज, कशाचाच उपयोग उरणार नाही. आणि टाकणारा मात्र उंच आकाशात सुरक्षित राहील.

हे १६७० साली लिहिले आहे, हे विसरता कामा नये. आकाशात माणूस जाण्यास अद्याप शंभराहून अधिक वर्षे अवकाश होता. १८४९ साली व्हेनिसला वेढा घालून बसलेल्या ऑस्ट्रियाच्या सैन्याने बाँब बांधलेले, माणसाविना सोडलेले फुगे शहराकडे पाठविले. वारा फिरला आणि त्यांतील काही फुगे सोडणाऱ्यांच्याच माथ्यावर परतले. १९११ साली लिबियात विमानातून पहिला बाँब टाकला गेला, आणि तो टाकणारा वैमानिक फादर लाना यांच्याच देशाचा, इटलीचा होता. १९१५ साली जर्मन झेपेलिन नौकांनी लंडनवर रात्री बाँब टाकले. तेथून हिरोशिमापर्यंतचा मार्ग सर्वांना ठाऊक आहे. आपल्या नगरचे रणगाडा संग्रहालय पाहून आलेली मुले तोफेचा पल्ला आणि पोलादाची जाडी उत्साहाने सांगतात. त्यांना हेही सांगावे की एका धर्मगुरूने शस्त्र बनण्यापूर्वीच त्याच्या तोंडापुढे कोण उभा असेल याचा विचार करून ठेवला होता.

परमेश्वर असे होऊ देणार नाही, ही त्यांची आशा खरी ठरली नाही. परमेश्वराने मनुष्याला स्वातंत्र्य दिले आहे आणि त्या स्वातंत्र्याचा हिशेब मनुष्यानेच द्यायचा आहे. परंतु भीती कोणत्या दिशेने येईल, हे फादर लाना यांनी अचूक ओळखले होते.

उडणारे फादर

दुसरे धर्मगुरू बार्तोलोमेउ दे गुस्मांव. ब्राझीलमधील सांतुस येथे १६८५ साली त्यांचा जन्म झाला. येशूसंघीयांच्या शाळेत ते शिकले. काही काळ त्यांनी येशूसंघात उमेदवारीही केली, पण पुढे तो मार्ग सोडून ते धर्मप्रांतीय धर्मगुरू झाले. त्यांची स्मरणशक्ती अफाट होती असे समकालीन सांगतात. १७०९ साली, वयाच्या अवघ्या चोविसाव्या वर्षी, त्यांनी राजा पाचवा जुआंव याच्याकडे अर्ज केला की हवेतून चालणाऱ्या यंत्राचा शोध आपणांस लागला असून त्याचा एकाधिकार आपणांस मिळावा.

या अर्जात यंत्राचे जे उपयोग सांगितले आहेत ते वाचताना डोळ्यांपुढे आपलाच किनारा येतो. यंत्र दिवसाला दोनशे कोसांहून अधिक अंतर तोडील, दूरच्या सैन्यांना व दूरच्या प्रदेशांना तातडीचे संदेश जातील, व्यापाऱ्यांची पत्रे पोचतील, वेढ्यात सापडलेल्या ठाण्यांना रसद मिळेल, अशी त्यांची आश्वासने होती. १७०९ साली गोव्याप्रमाणे वसईही पोर्तुगिजांच्या ताब्यात होती. पावणेदोन वर्षे उत्तराची वाट पाहणाऱ्या राज्यकारभाराला या आश्वासनाचे मोल किती वाटले असेल, याची कल्पना करावी. पुढे १७३९ साली चिमाजी आप्पांनी वसईला वेढा घातला, तेव्हा किल्ल्यातील लोकांच्या मदतीस लिस्बनहून कोणतीही आकाशनौका आली नाही. मदत मागणारे पत्र राजाच्या हाती पडण्याआधीच असे वेढे संपून जात.

गुस्मांव यांच्याही अर्जात गैरवापराची चिंता आहे. गुन्हा करून यंत्रातून दुसऱ्या राज्यात पळून जाणे सोपे होईल, म्हणून हे यंत्र सर्वांच्या हाती जाऊ नये, असे त्यांनी लिहिले. यात स्वतःच्या एकाधिकाराचा लाभही होता, हे खरे. तरीही फादर लाना यांच्याप्रमाणे त्यांनीही वापरणाऱ्या हातांचा विचार केला, याची नोंद घेतली पाहिजे. राजाने १९ एप्रिल १७०९ रोजी एकाधिकार मंजूर केला.

त्याच वर्षीच्या ऑगस्ट महिन्यात दरबारासमोर प्रयोग झाले. वापरला होता तो कागदाचा लहानसा फुगा. त्याच्या खाली विस्तव होता. प्रारंभी कागदाने पेट घेतला आणि प्रयत्न फसला. पुढे फुगा खरोखरच वर चढला, तेव्हा पडदे पेटतील या भीतीने सेवकांनी तो खाली पाडला. आणखी एक प्रयोग लिस्बनच्या ‘कासा दा इंदिया’ या वास्तूत झाल्याचे सांगतात. ‘कासा दा इंदिया’ म्हणजे भारताचे घर. गोव्याला जाणाऱ्या-येणाऱ्या जहाजांचा, मिरी-मसाल्यांचा सारा कारभार येथून चाले. ज्या घरात वाऱ्यासाठी ताटकळणाऱ्या जहाजांचे हिशेब ठेवले जात, तेथेच वाऱ्यावर चढणारा हा छोटा फुगा लोकांनी पाहिला. पोपमहोदयांचे वकील कार्डिनल कोंती त्या वेळी लिस्बनमध्ये होते आणि त्यांनी या प्रयोगांची वार्ता रोमला कळविली. हेच कार्डिनल १७२१ साली तेरावे इनोसंट या नावाने पोप झाले.

मात्र युरोपभर पसरले ते या फुग्याचे वृत्त नव्हे, एक चित्र पसरले. त्या चित्रात चोच आणि शेपटी असलेली पक्ष्याच्या आकाराची नौका आहे, तिच्यावर छतासारखे भले मोठे शीड ताणलेले आहे, जोडीला लोहचुंबकाचे गोळे व अंबराचे मणी आहेत. तिला ‘पासारोला’, म्हणजे मोठे पाखरू, असे नाव पडले आणि गुस्मांव ‘उडणारे फादर’ म्हणून ओळखले जाऊ लागले. चौकस लोकांची दिशाभूल व्हावी म्हणून त्यांच्याच निकटच्या वर्तुळातून हे चित्र मुद्दाम पसरविले गेले असावे, असे अभ्यासक मानतात. त्या चित्राप्रमाणे काहीही कधी उडाले नाही. उडाला तो कागदी फुगा. मोंगोल्फिए बंधूंनी १७८३ साली आपला मोठा फुगा उडविला, त्याच्या चौऱ्याहत्तर वर्षे आधी गरम हवेचा फुगा राजसभेत वर चढला होता. गुस्मांव यांचा हा खरा मान आहे आणि तो पुरेसा आहे.

१७२४ साली धर्मचौकशी न्यायालयाच्या भयाने ते पोर्तुगालमधून स्पेनमध्ये निसटले आणि त्याच वर्षीच्या नोव्हेंबरात तोलेदो येथे मरण पावले. आकाशयंत्र बनविल्याबद्दल ख्रिस्तसभेने त्यांचा छळ केला, अशी कथा पुढे रूढ झाली. परंतु प्रयोगानंतरची पंधरा वर्षे ते दरबारी मानाने वावरत होते आणि कुइंब्रा विद्यापीठाने त्यांना धर्मकायद्यातील पदवीही दिली होती. त्यांच्यावर संशय आला तो यहुदी धर्माकडे कल असल्याचा. माणसाच्या श्रद्धेवर असा पहारा ठेवणारे ते न्यायालय आज आम्हांस भूषणावह वाटत नाही. म्हणून त्याच्या माथी खोटी गोष्ट मारणेही योग्य नव्हे.

शीड आकाशात का चालत नाही?

आता मूळ प्रश्नाकडे वळू. समजा फादर लाना यांचे गोळे टिकले असते, नौका तरंगली असती, तर शिडाने ती हवी तिकडे नेता आली असती का?

नाही. तारू हे दोन जगांत वावरते. त्याचे शीड वाऱ्यात असते आणि बूड पाण्यात. वारा शिडाला ढकलतो, पाणी बुडाला धरून ठेवते, आणि या ओढाताणीतून कुशल तांडेल आपली वाट काढतो. म्हणून आडव्या वाऱ्यावरही तारू पुढे जाते. आकाशनौकेचे शीडही हवेत आणि बूडही हवेतच. वारा सबंध नौकेला आपल्याच वेगाने घेऊन चालतो. मग शिडाला वारा लागणार कोठून? फुग्यातून प्रवास करणाऱ्यांचा हाच अनुभव आहे. जमिनीवर सोसाट्याचा वारा असला तरी टोपलीत शांतता असते आणि टोपलीवरील निशाण लोंबकळत राहते.

आपल्या भागातील मुलांना हे समजावणे अवघड नाही. संक्रांतीच्या सुमारास नगरच्या गच्च्यांवर पतंग चढतात. पतंग वाऱ्यावर चढतो, पण त्याला वर धरून ठेवतो तो मांजा. मांजा ताणलेला आहे तोवर पतंग झुंजतो, वळतो, डोके वर काढतो. मांजा कटला की वारा तोच असतो, पतंगही तोच असतो, पण तो भरकटत कोणाच्या तरी शेतात जाऊन पडतो. पारनेर तालुक्यात सुप्याच्या परिसरातील डोंगरावर पवनचक्क्या उभ्या आहेत. त्यांची पाती फिरतात कारण खांब जमिनीत घट्ट रोवलेला आहे. तीच पाती फुग्याला टांगून वाऱ्यावर सोडून दिली, तर ती त्या वाऱ्याने फिरणार नाहीत.

हे कळण्यास युरोपला बराच काळ लागला. १७८५ च्या ७ जानेवारीला ब्लांशार आणि जेफ्रिज यांनी फुग्यातून इंग्लिश खाडी ओलांडली. त्यांनी सोबत वल्ही व सुकाणू घेतले होते. त्यांचा काहीच उपयोग होईना आणि फुगा खाली येऊ लागला, तेव्हा तीही समुद्रात फेकावी लागली. शेवटी अंगावरचे कपडेसुद्धा फेकून ते फ्रान्सच्या भूमीवर उतरले. १८५२ साली आंरी झिफार यांनी तीन अश्वशक्तीचे वाफेचे इंजिन लावून पॅरिसहून सत्तावीस किलोमीटरचा प्रवास केला. त्यांच्या नौकेलाही त्रिकोणी शीड होते, परंतु ते सुकाणू म्हणून लावलेले होते. ढकलण्याचे काम पंख्याने केले. वाऱ्याला तोंड देऊन माघारी येण्याइतके बळ त्या इंजिनात नव्हते. निघाल्या जागी परत येणारी पहिली आकाशनौका म्हणजे १८८४ सालची ‘ला फ्रान्स’. तिच्यात विजेवर चालणारे इंजिन होते.

जमिनीला धरणारा दोर

तथापि शिडाला आकाशात अगदीच वाव नाही, असे नाही. वाऱ्यापेक्षा नौका हळू चालेल असे काही केले, तर शिडाला वारा लागेल. इंग्लंडचे चार्ल्स ग्रीन फुग्यातून लांब दोर खाली सोडीत आणि तो जमिनीवरून ओढत नेत. फुगा खाली आला की दोराचा अधिक भाग जमिनीवर टेकतो, ओझे हलके होते आणि फुगा पुन्हा सावरतो, ही त्यातील युक्ती होती. स्वीडनचे अभियंता सालोमन आंद्रे यांनी त्यात शिडाची भर घातली. दोर घासत गेल्याने फुगा वाऱ्याहून मंद होतो, शीड फुगते, आणि वाऱ्याच्या दिशेपासून काही अंशांनी बाजूला वळता येते. कल्पिलेले शिडाचे आकाशतारू खऱ्या जगात सर्वांत जवळ आले ते येथे.

११ जुलै १८९७ रोजी आंद्रे, निल्स स्ट्रिंडबर्ग आणि क्नुत फ्रेंकेल हे तिघे स्पिट्सबर्गनजीकच्या एका बेटावरून ‘ओर्नेन’, म्हणजे ‘गरुड’, या फुग्यातून उत्तर ध्रुवाकडे निघाले. उड्डाणाच्या पहिल्या काही मिनिटांतच ओढदोरांचा बराचसा भाग सुटून खाली राहिला. शीड होते, पण धरून ठेवणारे काही पुरेसे उरले नव्हते. फुगा मन मानेल तिकडे भरकटला, धुक्याने ओला होऊन जड झाला, बर्फावर आपटत राहिला आणि १४ जुलै रोजी कायमचा खाली आला. तिघांनी बर्फावरून महिनोन् महिने पायपीट केली. अखेर क्विटोया या ओसाड बेटावर ते मरण पावले. तेहेतीस वर्षे कोणालाच काही कळले नाही. १९३० साली त्यांचे अवशेष, रोजनिशी आणि छायाचित्रांच्या फिती सापडल्या. त्या फिती धुतल्यावर, बर्फावर कलंडलेला फुगा आणि त्याच्याकडे पाहत उभी असलेली माणसे जगाने पाहिली.

दोराचे तत्त्व बरोबर होते, तरी एवढ्या दूरच्या प्रवासास ते पुरे पडण्याजोगे नव्हते. आंद्रे यांच्या फुग्यातून वायूची गळती होत होती आणि जाणत्यांनी धोक्याच्या सूचनाही दिल्या होत्या. परंतु साऱ्या देशाचे डोळे त्यांच्याकडे लागले होते. आदल्या वर्षी वारा अनुकूल नसल्यामुळे ते परत फिरले होते. पुन्हा परतणे त्यांना जड गेले असावे.

अभिमान आणि पुरावा

आपल्या महाराष्ट्रातही आकाशयानाची एक कथा लोकप्रिय आहे. मुंबईचे शिवकर बापूजी तळपदे यांनी १८९५ साली चौपाटीवर ‘मरुत्सखा’ नावाचे यान उडविले, असे अनेक ठिकाणी छापले जाते. २०१५ साली त्यावर हिंदी चित्रपटही निघाला. तळपदे यांचा विमानविद्येचा ध्यास खरा होता, याविषयी शंका घेण्याचे कारण नाही. मात्र त्या उड्डाणाचा विश्वसनीय समकालीन पुरावा पुढे आलेला नाही. त्यांच्या नावाशी जोडल्या जाणाऱ्या ‘वैमानिकशास्त्र’ या ग्रंथाची बंगळूरच्या भारतीय विज्ञान संस्थेतील अभ्यासकांनी १९७४ साली छाननी केली. तो ग्रंथ विसाव्या शतकाच्या आरंभीचा असून त्यातील याने उडू शकणार नाहीत, असा त्यांचा निष्कर्ष होता.

हे लिहिताना आम्ही आमच्या घरच्या कथांनाही तोच नियम लावतो. एका धर्मगुरूने १७०९ साली विमान उडविले, असे ख्रिस्ती म्हणून आम्हांस सांगायला आवडले असते. पण उडाला तो हातभर कागदाचा फुगा. एका धर्मगुरूने १६७० साली आकाशनौका शोधून काढली, असे म्हणण्याचाही मोह होतो. पण त्यांनी मांडले ते एक खरे तत्त्व आणि एक अशक्य यंत्र. पूर्वजांवरील प्रेमाने आपण त्यांना न घडलेल्या पराक्रमांची वस्त्रे चढवितो, तेव्हा त्यांनी खरोखर केलेले काम त्या वस्त्रांखाली झाकले जाते.

फादर लाना यांनी खरोखर काय केले? जे पूर्वी केवळ कथेत होते त्याला त्यांनी वजन आणि माप लावले, आणि आपली चूक कोणालाही शोधता येईल अशा उघड रीतीने सारा हिशेब छापला. पुढील पिढ्यांना ती चूक सापडली. निर्वात पोकळीच्या जागी गरम हवा व हलका वायू आला, शिडाच्या जागी इंजिन आले, आणि तरंगण्याचे त्यांचे मूळ तत्त्व तसेच राहिले. गुस्मांव यांनी लहानसा का होईना, प्रयोग करून दाखविला, आणि पहिला कागद पेटल्यावर दुसरा पुढे आणला.

या दोघांनी आणखी एक प्रश्न विचारून ठेवला आहे. हे यंत्र चालले तर ते कोणाच्या हाती जाईल आणि कोणाच्या घरावर येईल? आज आपल्या धर्मग्रामांतील मुले-मुली अभियंते होत आहेत, संगणकावर आणि विनावैमानिक उडणाऱ्या ड्रोन यंत्रांवर काम करीत आहेत. यंत्र कसे चालेल हे त्यांना उत्तम शिकविले जाते, आणि ते शिकलेच पाहिजे. दुसरा प्रश्न विचारण्याची सवय मात्र घरातून आणि धर्मशिक्षणाच्या वर्गातून लागावी लागते. शंभर मोहरा जवळ नसलेल्या एका संन्याशाने साडेतीनशे वर्षांपूर्वी तो विचारला होता, आणि त्याचे उत्तर देण्याची पाळी आता आपल्या मुलांवर आली आहे.